प्रमाण आवाज

६ मे २००१, रविवार
बँक सुटली. म्हणजे मी सोडली. व्हीआरएसचा अर्ज आमच्या विभागातून सगळ्यात आधी माझा होता. राजभाषा अधिकारी म्हणून उभी हयात लोकांचं हिंदी सुधारण्यात गेली. आता घरच्या भाषेकडे बघायचं.

उज्जैनच्या मराठी माणसाचा 'ळ' मेला आहे. आमच्या मंडळाचे सचिव तात्या परवा भर सभेत 'सगल्यांनी बसा' म्हणाले. कोणाला काही वाटलं नाही. मला रात्रभर झोप नाही.

आमच्या लेकीने, सायलीने, पुण्याहून कॉम्प्युटर घेऊन दिला आहे, त्यावर इंटरनेट आहे. परदेशी विद्यापीठांनी जगातल्या भाषांचे आवाज फुकट ठेवले आहेत. कोष्टकातल्या अक्षरावर क्लिक केलं की कोणीतरी गोरा ते म्हणून दाखवतो. 'ळ'वर क्लिक केलं. ऐकून वाईट वाटलं.

संकल्प: प्रमाण मराठी उच्चार इंटरनेटला मी देणार. सगळे स्वर, सगळी व्यंजनं, माझ्या आवाजात. गणेशचतुर्थीच्या आत. 'प्रमाण' नावाचं फोल्डर उघडलं. सिगरेट आजपासून बंद.

९ मे
आवाज तपासायचा प्रोग्राम उतरवला. दुपार गेली. थोडाच राहिला होता, तेवढ्यात बत्ती गुल. पुन्हा पहिल्यापासून. सुलभा म्हणाली की सायली दिवसभर फोन लावतेय आणि आपला फोन सतत एंगेज. मी तिला सांगितलं की संशोधनात कुटुंबाला थोडं सोसावं लागतं. ती म्हणाली की कुटुंब म्हणजे ती एकटीच आहे.
सिगरेट: एकच, गच्चीत. प्रोग्राम उतरला त्या आनंदात.

१२ मे
पहिला प्रयोग. रीत सोपी आहे. माइकसमोर लांब 'आ' म्हणायचा, प्रोग्राम त्याचं चित्र काढतो. चांगल्या आवाजाचे पट्टे एकावर एक स्वच्छ उमटतात, भेरूगढच्या छापाच्या चादरीच्या काठासारखे. साइटवर या विषयाचा अख्खा अभ्यासक्रम आहे, दोन पानांचा. पहिल्या पानावर निरोगी आवाजांची चित्रं, दुसऱ्यावर आजारी आवाजांची. दुसऱ्या पानाशी आपला संबंध नाही.

माझं चित्र आलं. चादर ओली असतानाच कोणीतरी घडी घातल्यासारखं. रंग सगळीकडे पसरलेला.
माइक फालतू निघाला. रेकॉर्डिंग पुसलं. 'प्रमाण'मध्ये खराब माल ठेवायचा नाही, हा नियम.

१७ मे
इंदूरहून नवा माइक आणवला. तेच चित्र. म्हणजे दोष खोलीचा. भिंती आवाज परत फेकतात. घरातल्या सगळ्या गोधड्या आणि चादरी भिंतीवर टांगल्या, कूलर बंद केला, खिडक्या लावल्या. सुलभाने दारातून विचारलं की मेच्या महिन्यात इथे नानाखेड्यात स्वतःला उकडून घ्यायची काही खास वजह आहे का. मग तिचा नेहमीचा विषय. आवाज संक्रांतीपासून बसलाय, कोणाला दाखवत का नाही.
बसलेला नाही, भारदस्त झाला आहे. पन्नाशीनंतर होतो.
आजची रेकॉर्डिंगं पुसली.

२ जून
शास्त्रात तुलनेसाठी दुसरा माणूस लागतो. सुलभाला बसवलं. ती पदर सावरून, फोटो काढायला बसावं तशी बसली. 'आ' छान लावला होता, पण स्वयंपाकघरात दूध वर यायला लागलं. मला मध्येच ओरडावं लागलं. शिस्त म्हणून नाही या घरात.

तरी तिचं चित्र बघितलं. पट्टे स्वच्छ. तोच माइक, तीच खोली, त्याच गोधड्या.
कारण उघड आहे. बायकांचा आवाज यंत्राला सोपा जातो.
ओरड्यामुळे नमुना खराब झाला म्हणून पुसायला निघालो, तर ती म्हणाली की राहू दे ना, माझा आवाज आजवर कोणी घेतला नव्हता. वेगळं फोल्डर केलं, 'सुलभा'. त्याला माझा नियम लागू नाही.

१५ जून
सायलीचा फोन. मी उचलून हॅलो म्हटलं, तर सॉरी, राँग नंबर म्हणून तिने ठेवून दिला. दुसऱ्यांदाही तेच. तिसऱ्यांदा सुलभाने उचलला आणि मग दोघी बराच वेळ हळू आवाजात बोलल्या. मी खोलीत गेलो तेव्हा पावसावर बोलायला लागल्या. पाऊस अजून आलेला नाही.
टेलिफोनवाल्यांना लाइनबद्दल तक्रार करायची.

२८ जून
उजवा कान दुखतो. हेडफोन घट्ट आहे. ढिला केला, तरी दुखतो. न लावताही दुखतो. सवय झाल्यामुळे.
पोळी घशाखाली उतरायला पाणी लागतं. सुलभाला म्हटलं की पोळ्या जाड होतायत. संध्याकाळी भात होता, मऊ, लहान मुलांना करतात तसा. तिने स्वतःसाठी पोळीच केली होती, मुद्दाम बघितली. पातळ होती.

कामाचा फेरविचार: व्यंजनं नंतर घेऊ. चतुर्थीपर्यंत निदान सगळे स्वर.
सिगरेट: प्रयोगाच्या काळात मोजत बसायचं नाही असं ठरवलं आहे.

९ जुलै, सोमवार
आज महाकालाच्या पालखीची सवारी. ढोलांमुळे रेकॉर्डिंग बिघडलं. सुलभा म्हणाली की सवारी तिकडे गावात, इथपर्यंत ढोल कुठे ऐकू येतात. यंत्र फार संवेदनशील असतं, हे तिला कळणार नाही.
'आ' पूर्वी लांब टिकायचा. आता लावतो न लावतो तोच हवा संपते. हवेत ओलावा आहे, जड झाली आहे.
पुसलं.

२१ जुलै
सकाळी दात घासताना बेसिनमध्ये थोडं लाल. काल डाळिंब खाल्लं होतं.

नंतर: सुलभा म्हणाली की डाळिंब घरात आणलेलंच नाही. मग बाहेर कुठे खाल्लं असेल.

२९ जुलै, रविवार
तात्या आले. चहा घेतला, गोधड्या बघितल्या. मग म्हणाले की माधवराव, तुमचा आवाज एकदम बैठून गेलाय, एकदा दिखवून घ्या ना कोणाला. मी म्हटलं, आधी 'दाखवून' म्हणा. ते म्हणाले, तेच, दाखवून घ्या.

मूळ मुद्दा पुढेच होता. मंडळाच्या गणपतीसमोर पहिल्या दिवशी अथर्वशीर्षाची एकवीस आवर्तनं होतात. एकाने आवाज लावायचा, बाकीच्यांनी त्याच्या चालीने, त्याच्या थांब्यांनी म्हणायचं. हा आवाज वीस वर्षं माझा आहे. नवीन लग्न होऊन आलेल्या सुनासुद्धा माझे थांबे घेतात. तर तात्यांचं म्हणणं की या साल कोणी दुसरं बघू, तुम्ही नुसते समोर बसा. वहिनींना येतंच की सगळं.
मी हसलो. हसताना ठसका लागला, तो बराच वेळ गेला नाही. तात्या उठून उभे राहिले. सुलभाने पाणी आणलं. पाणीही नीट उतरेना.
उत्तर मी चतुर्थीला देईन.

५ ऑगस्ट
सुलभा संध्याकाळी खोलीत आली आणि शेजारी खुर्ची ओढून बसली. असं ती कधी करत नाही. म्हणाली की ते आजारी आवाजांचं दुसरं पान दाखवा. मी सांगितलं की ते आपल्या कामाचं नाही. तिने माझ्या हातातून माउस घेतला आणि स्वतः क्लिक केलं. हे ती कधी शिकली?

आमच्या इंटरनेटवर चित्र एकदम येत नाही. वरून खाली, पट्टी पट्टी उतरतं. आधी वरचं पांढरं आलं. मग काळी चौकट. मग पट्टे यायला लागले. पहिला पसरलेला. दुसरा पसरलेला. तिसरा. ओली चादर. चित्राखाली नाव असतं, ते अजून यायचं होतं. सुलभा पडद्याकडे बघत नव्हती, माझ्याकडे बघत होती.
मी हात मागे घालून फोनची वायर काढली.

तिला म्हटलं की बिल फार येतं. अर्धं चित्र तसंच पडद्यावर राहिलं. ती उठून गेली. स्वयंपाकघरात नळ चालू होता, भांडी मात्र सकाळीच घासून झाली होती.


११ ऑगस्ट
स्वरही नंतर घेऊ. फक्त 'आ' आणि 'ळ'. दोनच, पण असे की जगाने ऐकावे.
सुलभाने फ्रीगंजमधल्या कान-नाक-घशाच्या डॉक्टरची वेळ घेतली आहे, डॉ. मीना व्यास. मी म्हटलं, चतुर्थीनंतर. ती म्हणाली, उद्या. मी म्हटलं, चतुर्थीनंतर. ती म्हणाली की ठीक आहे, पण मग मी तुमच्यामागेच बसणार. कुठे, ते विचारायचं राहिलं.

२२ ऑगस्ट, गणेशचतुर्थी
कार्यक्रम उत्तम झाला.
पहिलं आवर्तन मी नेहमीसारखं लावलं. लोक जरा पुढे सरकून ऐकत होते. दुसऱ्यात लोकांचा आवाज माझ्यापेक्षा मोठा झाला, हे चांगलंच. तिसऱ्याच्या मध्यावर मी थांबलो. म्हणजे समूह स्वतःच्या बळावर चालतो का, ते तपासायचं ठरवलं. तोंड उघडं होतं, ओठ हलत होते. त्यातून काही निघत नव्हतं.

बाकीचेही माझ्याबरोबर थांबले. मंडळाच्या हॉलमध्ये पंख्याचा आवाज इतका मोठा येतो, हे मला माहीत नव्हतं. तात्या खाली बघत होते. मग माझ्या मागून सुलभाने उचललं. मी सोडलं होतं, त्याच शब्दापासून.
उरलेली सगळी आवर्तनं तिने केली. माझीच चाल, माझेच थांबे, श्वासही मी घेतो तिथे. वीस वर्षं ती मागच्या रांगेत बसून नुसती म्हणतेय असं मला वाटत होतं.
मी ओठ हलवत राहिलो. मला भीती वाटली. हे इथे लिहिलं, पुन्हा लिहिणार नाही.

२४ ऑगस्ट
डॉ. व्यास यांनी दिव्याची नळी नाकातून घालून घसा बघितला. बराच वेळ बघितला. मग नळी काढली, हातमोजे काढले आणि सुलभाला बाहेर न पाठवता आत बसायला सांगितलं. सिगरेट विचारली. मी खुणेने थोडी म्हटलं. सुलभाने खरं सांगितलं. डॉक्टर म्हणाल्या की दादा, आठ महीने आप कर क्या रहे थे? मी कागदावर लिहून दिलं की रेकॉर्डिंग.
त्यांनी इंदूरची चिठ्ठी दिली. म्हणाल्या, कल ही जाइए.

नळीच्या पडद्यावर त्यांनी आम्हाला चित्र दाखवलं. हे मात्र एकदम आलं, पट्टी पट्टी नाही. इथे काढायला वायर नव्हती.

५ सप्टेंबर, इंदूर
तुकडा तपासून आला. आवाजाची पेटी काढावी लागेल, पूर्ण. गळ्याला भोक ठेवतील, त्यातून श्वास. जीव वाचेल असं म्हणतात, आधी आला असतात तर पेटीही वाचली असती असंही म्हणतात. हे दोन्ही एकाच वाक्यात म्हणतात.

इथले डॉक्टर भले आहेत. म्हणाले की काही पेशंट ऑपरेशनच्या आधी घरच्यांसाठी थोडं रेकॉर्ड करून ठेवतात. मग माझ्याकडे बघून थांबले. आता माझ्या घशातून फक्त वारा येतो. सुलभा लगेच म्हणाली की त्याची काही फिक्र नाही, हे तर मेपासून रोज रेकॉर्डच करतायत, घरी ढीग पडलाय.
मी लिहायचा कागद घडी करून खिशात ठेवला.

८ सप्टेंबर, उज्जैन
ऑपरेशन परवा. सामान न्यायला दोन दिवसांसाठी घरी. सायली पुण्याहून आली आहे. गोधड्या तिने भिंतीवरून उतरवल्या. खोली उघडी वाटते.

दोघी कॉम्प्युटरसमोर बसल्या. सुलभाने 'प्रमाण' फोल्डर उघडलं. रिकामं. तिला वाटलं की चुकीचं उघडलं, बंद करून पुन्हा उघडलं. रिकामं. सायलीने आणखी कुठे कुठे शोधलं. मी सायलीने आणलेल्या पाटीवर लिहिलं की खराब माल ठेवायचा नाही असा नियम होता. सुलभाने पाटी वाचली आणि खाली ठेवली. मग कितीतरी वेळ ती रिकाम्या चौकोनाकडेच बघत राहिली. रागावली असती तर बरं झालं असतं.

सायलीने दुसरं फोल्डर उघडलं. त्यात एकच नमुना. सुलभाचा 'आ', स्वच्छ, सरळ, आणि त्याच्यामध्येच एक घोगरा, चिडका माणूस ओरडतो: अगं सुलभा, दूध उकळतंय, दूध!
एवढंच. पुढे भांड्याचा आवाज.

हा माणूस इतका आजारी आहे, हे कोणालाही कळलं असतं.

सुलभाने पुन्हा लावलं. मग पुन्हा. चौथ्यांदा तिने डोळे मिटून ऐकलं. सायली बाहेर निघून गेली. मी पाटी पुसली आणि लिहिलं की उकळतंयमधला 'ळ' मात्र चांगला आलाय.
सुलभा म्हणाली, हो, फार चांगला आलाय.