टॉवेलाचं दुसरं टोक

अंबाला छावणी
६ नोव्हेंबर २०२४

प्रिय मामा,

सुनेने सासऱ्यांना 'तीर्थरूप' लिहायचं असतं, 'प्रिय' नाही, हे मला ठाऊक आहे. पण तीर्थरूप म्हटलं की पुढचं सगळं बेताबेतानेच लिहावं लागतं, आणि आज मला बेताने लिहायचं नाही. फोन केला असता, पण तुम्हाला निम्मं ऐकू येत नाही आणि उरलेलं निम्मं आत्या तुमच्या कानाशी ओरडून सांगताना स्वतःचं घालून सांगतात. म्हणून हे पत्र. चष्मा लावून सावकाश वाचा. पूर्ण वाचून झालं की मग आत्यांना वाचून दाखवा, आधी नाही.

तुमचा निरोप मिळाला. तेवीस तारखेला तुमचा विश्वजित कर्नल म्हणून पलटणीचा ताबा घेणार, त्या संध्याकाळी अधिकाऱ्यांच्या मेसमध्ये बँड, नाच आणि जेवण, आणि तुम्ही मात्र येणार नाही. "गुडघं धरल्यात, एवढा परवास झेपायचा न्हाई," असं तुम्ही म्हणालात. आत्यांनी हा निरोप दिला आणि त्याच दमात सांगितलं की काल तुम्ही उसाला पाणी द्यायला दोनदा मळ्यात जाऊन आलात. गुडघ्याचं मी शेवटी बोलते. आधी तुम्हाला थोडं मागे नेते, कारण माझ्या मनात कितीतरी दिवस साठून आहे आणि तुमच्यासमोर बसून ते मला कधी बोलता आलेलं नाही.

सोळा वर्षांपूर्वी लग्न होऊन मी कडेगावला तुमच्या घरी आले. विश्वजित पंधरा दिवसांत परत पठाणकोटला गेला आणि क्वार्टर मिळेपर्यंत मी तुमच्याजवळ राहिले. एक दिवस त्याचा फोन आला की सप्टेंबरात मेसमध्ये लेडीज नाइट आहे, नवीन लग्न झालेल्या बायकांना तिथे नाचावं लागतं, अगदी कर्नलसाहेबांबरोबरसुद्धा, पण घाबरण्यासारखं काही नाही. मी तासगावची, बेदाण्याच्या शेडवर वाढलेली. कॉलेजात दोनदा दांडिया खेळले होते, तेवढाच माझा नाच. परक्या पुरुषाच्या हातात हात देऊन बँडवर फिरायचं ही कल्पनाच मला सोसवेना. त्या दिवशी ताप आल्याचं सोंग घ्यायचं, असं मी ठरवूनही टाकलं होतं. आत्यांनी माझं तोंड बघून दोन दिवसांत सगळं काढून घेतलं आणि म्हणाल्या, "आगं, मग ह्यास्नी इचार की. चोवीस वर्सं मेसात ट्रे धरून ह्येच बघत हुबं ऱ्हायल्यात."

मला तोवर एवढंच माहीत होतं की तुम्ही फौजेतून हवालदार म्हणून रिटायर झालात. मेसमध्ये वेटर होतात, शेवटी मेस हवालदार झालात, हे त्या दिवशी कळलं. दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही ट्रॅक्टर बाहेर काढलात, शेड झाडून घेतलं, दाराशी आत्यांना ज्वारी पाखडायला सूप देऊन बसवलंत आणि मला हाक मारलीत. जमिनीवर ऑइलचा मोठा काळा डाग होता. तो मधोमध धरून त्याच्याभोवती उजवीकडून डावीकडे फिरायचं, सगळ्यांनी एकाच दिशेने, म्हणजे टक्कर होत नाही, हा तुमचा पहिला धडा. पण सुनेचा हात सासऱ्याने धरायचा कसा? मी अवघडले आणि माझ्याहून जास्त तुम्ही. मग तुम्ही खांद्यावरचा टॉवेल काढलात आणि एक टोक माझ्यापुढे केलंत. "ह्ये टोक तू धर, त्ये टोक मी धरतो. मधी टॉवेल हाय, म्हंजी कुनाचं काय जात न्हाई." आत्या दारातून स्टीलच्या ताटलीवर चमचा वाजवून ताल द्यायच्या, एक जोरात आणि दोन हळू. शेजारच्या धोंडुबाईंनी हा कसला आवाज म्हणून विचारलं, तर आत्यांनी अगदी गंभीरपणे सांगितलं, "सून इंग्रजी शिकतीया."

पावलं आठ दिवसांत जमली. रीतभात शिकायला मात्र दोन महिने लागले, आणि खरं सांगायचं तर पावलं मी केव्हाच विसरले, रीतभात अजून अंगात आहे. नखं आदल्या दिवशी कापायची, कारण त्याच दिवशी कापली की टोकं बोचतात. त्या दुपारी कांदा नाही, लसणाची चटणी नाही, आणि मेसमध्ये शिरण्याआधी तोंडात धरलेली लवंग दाराबाहेर टाकायची, चघळत आत जायचं नाही. अत्तर लावायचं ते समोरच्याला कळण्यापुरतं, "पल्याडच्या टेबलाला न्हाई." गजरा माळायचा नाही, कळ्या गळून फरशीवर पडतात आणि कुणाचा तरी पाय घसरतो. नवीन चपलेचा तळवा पॉलिश पेपरने घासून घ्यायचा. निऱ्या घोट्याच्या वर, पदराला खांद्यावर दोन पिना, कारण तुम्ही एकदा एका कॅप्टनसाहेबांचं मेडल एका बाईंच्या रेशमी पदरात अडकलेलं पाहिलं होतं. ती दोघं भर फरशीवर तशीच उभी, कुणाला काय करावं कळेना, आणि तुम्ही ट्रे टेबलावर ठेवून गुपचूप ते सोडवून दिलंत. तेव्हापासून तुमच्या कमरपट्ट्याच्या आत कायम चार सेफ्टी पिना असायच्या. मामा, माझ्या पर्समध्ये त्या सोळा वर्षं आहेत. किती जणींच्या अब्रूला त्या आजवर धावून गेल्या, ते तुम्हाला सांगायचंच राहून गेलं.

बांगड्यांवरून तुमचं आणि आत्यांचं झालेलं भांडण आठवतं? तुम्ही म्हणालात, काचेच्या बांगड्या गणवेशाच्या दोऱ्यात अडकतात, काढून ठेवायला हव्यात. आत्या म्हणाल्या, "नव्या नवरीचा चुडा देवाच्या जत्रंत काढला न्हाई, नाचायला काढू व्हय?" दोन दिवस तुमच्यात अबोला होता. तिसऱ्या दिवशी आत्यांनीच मशीनवर बसून लांब बाह्यांचा ब्लाउज शिवला, मनगटाला इलॅस्टिक लावून, चुडा आतल्या आत. आधी नाचाला हसणाऱ्या आत्यांनी त्यासाठी चार वेळा माझं माप घेतलं. त्या ब्लाउजला मेसमध्ये कितीतरी जणींनी शिंप्याचं नाव विचारलं.

आणि दोन नियम तुम्ही अगदी बोट वर करून सांगितलेत. पहिला, मानाची जोडी फरशीवर उतरल्याशिवाय दुसऱ्या कुणी उतरायचं नाही. दुसरा, कुणी नीट विचारलं आणि नको वाटलं तर खुशाल नको म्हणायचं, "पर मग त्ये गाणं सरंस्तवर बसून ऱ्हायाचं. ह्येला नगं म्हनली आन् त्येच्यासंगं उठली, आसं झालं की मानूस आतनं मोडतो." तुम्ही असे किती जण मोडताना पाहिले असतील, भिंतीला टेकून, हातात ट्रे घेऊन. मी तुम्हाला विचारलं होतं, मामा, तुम्ही स्वतः कधी नाचलात का. तुम्ही हसलात. "हातात ट्रे आसल्यावर नाचतो कुटला? पाय तेवढं बुटात ताल धरायचं." असं म्हणून तुम्ही टॉवेल झटकून खांद्यावर टाकलात आणि ट्रॅक्टर आत घ्यायला गेलात.

आता पठाणकोटचं सांगते, जे तुम्हाला कधी सांगितलं नाही. तुम्ही फोनवर विचारलंत, पाय चुकला का, आणि मी म्हणाले, नाही. पाय नव्हताच चुकला. बँड सुरू झाला, कर्नलसाहेब माझ्यासमोर येऊन किंचित वाकले आणि त्यांनी हात पुढे केला. दोन महिने मला टॉवेलाची सवय. माझ्या हाताने काय करावं? माझा रुमाल उलगडून त्याचं एक टोक साहेबांच्या हातात दिलं. केल्यावर मला कळलं, काय केलं ते. सगळी मेस बघत होती, विश्वजितचे कान लाल झालेले मला लांबून दिसत होते. साहेबांनी रुमालाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि काहीही न विचारता ते टोक धरून आख्खं गाणं माझ्याबरोबर नाचले. मग मला खुर्चीपर्यंत पोचवून, पुन्हा वाकून, रुमालाची घडी करून परत दिली. म्हणाले, इतक्या अदबीने या मेसमध्ये आजवर कुणी नाचलेलं नाही, तुला शिकवलं कुणी?

मी म्हणाले, सासऱ्यांनी, ते फौजेत होते. त्यांनी विचारलं, काय होते? आणि मामा, मी म्हणाले, सुभेदार होते.

का म्हणाले? समोर चांदीच्या ट्रेमध्ये पेले घेऊन एक वेटर उभा होता, तुमच्यासारखाच पांढरा गणवेश, पागोट्याला तुरा. त्याच्याकडे बघून माझी जीभ वळली नाही, एवढंच कारण. विश्वजित शेजारी होता. त्याने ऐकलं आणि तोही गप्प राहिला. एकदा बोललेलं मग तसंच चालत आलं. पुढे चार वर्षांनी आम्ही सुट्टीवर असताना विश्वजितच्या पलटणीतला, आष्ट्याचा तरुण लेफ्टनंट शंभूराज आपल्या घरी आला आणि वाकून तुम्हाला म्हणाला, नमस्कार सुभेदारसाहेब. तुम्ही एकदा विश्वजितकडे पाहिलंत. तो उसाकडे बघत होता. मग तुम्ही माझ्याकडे पाहिलंत, आणि मी पदर सारखा करायला लागले. तुम्ही आत गेलात, स्वतः चहा घेऊन आलात, त्याच्या डाव्या बाजूने, कपाचा कान त्याच्या उजव्या हाताला येईल असा. त्याला काही कळलं नाही. मला सगळं कळलं. त्यानंतर तुम्ही आमच्याकडे जितक्या वेळा राहायला आलात, तितक्या वेळा मेसच्या संध्याकाळी तुमचे गुडघे धरले. आमचं खोटं उघडं पडू नये म्हणून तुम्ही क्वार्टरमध्ये एकटे बसून राहिलात आणि प्रत्येक वेळी मला, माझं सांगते, आतून थोडं सुटल्यासारखं वाटलं. याची लाज मला आज वाटते तेवढी कधी वाटली नव्हती.

गेल्या महिन्यात प्रांजलला कुणीतरी विचारलं, तुझे आजोबा फौजेत कोण होते? तुमची नात चौदा वर्षांची झाली, मान ताठ करून म्हणाली, सुभेदार. मी तिला लहानपणापासून जे ऐकवलं तेच ती म्हणाली. त्या संध्याकाळी मी तिला शेजारी बसवून ट्रॅक्टरचं शेड, ऑइलचा डाग, ताटली, टॉवेल सगळं सांगितलं. ती ऐकत राहिली आणि तिने एकच विचारलं, मग इतकं भारी लपवलं का?

म्हणून परवा सोमवारी, तेवीस तारखेची तयारी करायला सगळ्या बायका मेसमध्ये जमल्या तेव्हा मी बोलून टाकलं. नवीन आलेल्या दोघीतिघी घाबरलेल्या होत्या, मी होते तशाच. त्यांनी विचारलं, मॅडम, तुम्ही हे सगळं कुठे शिकलात? मी म्हणाले, माझे सासरे मेस वेटर होते, पुढे मेस हवालदार झाले, मला येतं ते सगळं त्यांचं आहे, आणि मी सोळा वर्षं ते सुभेदार होते असं खोटं सांगत आले. चहा घेऊन उभे असलेले इथले मेस हवालदार संध्याकाळी घरी आले आणि विचारून गेले, "साहब के पिताजी की कुर्सी हाथवाली लगाऊँ या बिना हाथ की?" गुडघ्याचं त्यांच्याही कानावर गेलं होतं. रात्री विश्वजितला सांगितलं. त्याने उठून आमंत्रणाचं कार्ड घेतलं आणि स्वतःच्या हाताने नाव लिहिलं, 'मेस हवालदार लालासाहेब, आजचे मानाचे पाहुणे.' ते कार्ड आणि तुम्हा दोघांची तिकिटं या पत्रासोबत आहेत. मिरजेपासून खालचा बर्थ आहे.

आता गुडघ्याचं. तेवीस तारखेला कर्नलची बायको म्हणून मानाची जोडी उतरवायचा मान माझा आहे, आणि माझी विचारणा मी आजच, रीतसर, वाकून करते आहे: मामा, पहिल्या गाण्याला माझ्याबरोबर याल का? हातात हात घ्यायचा नाही, ते मला माहीत आहे. तुमचा तो पांढरा टॉवेल मी आठवण म्हणून कडेगावहून आणला होता, तो काल धुऊन इस्त्री करून ठेवलाय. पावलं चुकली तरी चालेल, आत्या पुढच्या रांगेत ताटली घेऊन बसतील. नको म्हणायचं असेल तर खुशाल म्हणा, पण मग तुमच्याच नियमाप्रमाणे ते गाणं संपेपर्यंत मी खुर्चीवर बसून राहीन. आणि मानाची जोडी उतरली नाही तर दुसरं कुणी उतरायचं नाही, हाही तुमचाच नियम. म्हणजे सगळी पलटण भिंतीला टेकून तुमची वाट बघत उभी राहील. तेवढा वेळ ट्रे घेऊन उभं राहणं काय असतं, ते तुमच्याइतकं कुणाला माहीत आहे? मी टॉवेलाचं एक टोक धरून थांबते.

तुमचीच,
राजेश्वरी