वेदगिरी सरांचं शेवटचं रीळ

६ एप्रिल १९६२, शुक्रवार

थिएटरच्या तिकीट खिडकीवर सुब्बय्या नवा आलाय. तमिळ माणूस. मी वर प्रोजेक्टर चालवतो. आज त्याच्याशी तमिळमध्ये बोललो तर उडालाच! रत्नागिरीचा मुसलमान आणि ही भाषा? सांगितलं – मद्रासला दहा वर्षं पिक्चर एडिट करत होतो. "कोणाकडे?" वेदगिरी सरांचं नाव तोंडातून निसटलं. तो चक्क उठून उभा राहिला.

७ एप्रिल

सुब्बय्याला सरांचे सहाच्या सहा पिक्चर तोंडपाठ. नाटक कंपनीत विंगेतून संवाद सांगणारा माणूस अठ्ठेचाळीस साली पिक्चर काढतो काय, आणि लागोपाठ पाच पिक्चर शंभर-शंभर दिवस चालतात काय! हे सगळं तो मलाच सांगत होता. मी हूं हूं करत राहिलो.

मग म्हणाला, "भाई, सहावा मात्र कोणीतरी मारला. असा शेवट असतो? कोण कसाई होता कोण जाणे! तेव्हापासून सर घरी बसलेत."

चहा अर्धा टाकून वर आलो.

१० एप्रिल

लिहूनच टाकतो. कसाई मीच.

पंचावन्न साल, सरांचा सहावा पिक्चर. मिठागरात राबणारी एक विधवा शेवटी सासर सोडून एकटी निघते. अख्खं रीळभर नुसती चालते – शब्द नाही, गाणं नाही. सर म्हणाले होते, "फारूक, ह्या एका रिळासाठी मी बाकीची सगळी काढली."

निर्मात्यानं मला एकट्याला बोलावलं. "लोक खुर्च्या तोडतील. हे काढ. घरातल्या पूजेचा शॉट लाव, आनंदात संपव." लग्नाला वर्षसुद्धा झालं नव्हतं, नोकरी जायची भीती. सरांना विचारायला हवं होतं. घर दोन गल्ल्या पलीकडे! नाही गेलो. कापलं.

पहिल्या खेळाला सर मागच्या रांगेत होते. दिवे लागले. माझ्या समोरून गेले, पण मान वर केली नाही. त्यानंतर मी मद्रास सोडलं, ते थेट बोटीनं इथे आखातात.

१३ एप्रिल

सईदाला आज सगळं सांगितलं. इतकी वर्षं बायकोलाही बोललो नव्हतो. हवल्लीतल्या ह्या दीड खोलीत लपवायला जागा तरी कुठे, पण लपवलं. ती भाकरी थापत होती. थांबली नाही. म्हणाली, "लिवा त्यांना एकदाचा. मनातला जाईल."

२० एप्रिल

मला तमिळ बोलता येतं, लिहिता येत नाही. म्हणजे सुब्बय्याशिवाय गत्यंतर नाही! शर्कच्या मासळीबाजाराजवळ हॉटेलात बसलो. मी सांगत गेलो, तो लिहीत गेला. "ते रीळ मी कापलं" इथे पेन थांबलं. त्यानं माझ्याकडे पाहिलं.

"पुढे सांगा," एवढंच म्हणाला. 'भाई' गळालं होतं.

२८ एप्रिल

सुब्बय्या मान फिरवून जातो.

२ जून

उत्तर नाही. कशाला यावं? मीही दिलं नसतं.

१९ जून

सरांचं पत्र. खाली न बोलावता सुब्बय्या स्वतः जिना चढून वर आला, वाचून दाखवलं. "निर्मात्यानं आधी मला विचारलं होतं. मी घाबरलो. कापा म्हणालो. फक्त फारूकला माझं नाव सांगू नका, एवढी अट घातली. त्या दिवशी तुझ्याकडे बघवलं नाही. मग कुठल्याच सेटवर उभं राहवलं नाही."

शेवटची ओळ मी त्याला दोनदा वाचायला लावली. माफी मागितलीय सरांनी. माझी!