अर्ध्यावर अडकलेला पडदा पाडून मिळणेबाबत

प्रति,
मा. व्यवस्थापक,
शहर नाट्यगृह (दुरुस्तीसाठी बंद)

विषय : नाट्यगृहाचा पडदा एकदा पूर्ण पाडून मिळणेबाबत.
संदर्भ : आपले पत्र, 'पडदा पाडणे ही स्वतंत्र सेवा उपलब्ध नाही.'

महोदय,

१. अर्जदार ही एका नटाची पत्नी आहे. यजमानांचे नाव जाहिरातीत कायम तळाशी, 'आणि इतर'च्या जरा वर असे. पण चेहरा आपण पाहिलेला आहे. न्यायाधीश, कंजूष सावकार, दारुडा मामा, आंधळा भिकारी, फौजदार, सगळे तेच. सिनेमात ते बहुधा मध्यंतराआधी मरत, त्यामुळे घरी लवकर येत. छळवादी सासरा असा वठवला, की शेजारणी अर्जदारास बाजूला घेऊन विचारत, "खरं सांगा, हात उगारतात का हो?" घरी मात्र हा माणूस झुरळालाही "जरा सरका" म्हणे.

२. त्यांचा नियम एकच. पडदा पडेपर्यंत भूमिका सोडायची नाही आणि पडल्यावर क्षणभरही धरायची नाही. आई गेल्याचा निरोप दुसऱ्या अंकात आला, तेव्हा ते विदूषक होते. शेवटपर्यंत लोकांना पोट धरून हसवले, पडदा पडला, आणि मग विंगेत अर्जदाराच्या खांद्यावर डोके ठेवून ढसाढसा रडले. अर्जदार तेलाची बाटली आणि टॉवेल घेऊन विंगेतल्या स्टुलावर बसलेली असे. रंग पुसून झाला की म्हणत, "चल गं, भूक लागली." एवढे ऐकण्यासाठी अर्जदाराने सारे आयुष्य त्या स्टुलावर काढले. त्याबद्दल तक्रार नाही.

३. शेवटच्या नाटकात ते म्हातारे नोकर होते, मालक परत येईपर्यंत दाराशी उभे राहणारे. तिसऱ्या अंकाच्या शेवटी पडदा पडत असताना आपल्याकडील वीज गेली, तो अर्ध्यावर अडकला, प्रेक्षक उठून गेले आणि दुसऱ्या दिवशी नाट्यगृहाला कुलूप लागले. तेव्हापासून यजमान नोकरच आहेत. घरच्या दाराशी उभे असतात. पाय सुजले आहेत. बसा म्हटले तर हात जोडतात, "मालक आल्याशिवाय कसं बसू, बाईसाहेब?" अर्जदाराला ते बाईसाहेब म्हणतात. डॉक्टरांच्या मते हा वयाचा विसर आहे, पडद्याशी संबंध नाही. डॉक्टरांनी नाटक पाहिलेले नाही.

४. आपण संहिता, पात्रांची यादी व प्रेक्षकसंख्या मागितली. संहिता अशी : यजमानांनी उभे राहायचे, पडद्याने पडायचे. प्रेक्षक शून्य. त्यावर 'शून्य प्रेक्षकांस प्रयोग समजता येत नाही' असे आपण कळवले. तरी कृपया आपणच यावे आणि मागच्या खुर्चीवर डुलकी काढावी, हरकत नाही. वीज नसल्यास वा माणूस मोकळा नसल्यास दोर अर्जदार ओढील. पण मग स्टुलावर कोण बसणार, हे अर्जदारास सुचत नाही.

५. पडदा पडूनही यजमानांनी अर्जदारास ओळखले नाही, तर कार्यालय जबाबदार राहणार नाही. हमीपत्र जोडले आहे. ते अर्जदाराने तिसऱ्यांदा लिहिले, आधीचे दोन फाडले.

६. कलावंताची सही आवश्यक असल्याचे आपण कळवले. नाटक सुटल्यावर ज्यांनी पोरासोरांच्या वह्यांवर हौसेने सह्या केल्या, त्यांच्या हाती पेन दिले, तर ओशाळून म्हणाले, "मला कुठं लिहिता येतं, बाईसाहेब?" नाटकातला नोकर निरक्षर आहे. सबब अंगठा घेतला आहे, तो ग्राह्य धरावा. शाई लावताना त्यांचा हात हातात धरावा लागला. बऱ्याच दिवसांनी त्यांनी तो धरू दिला.

आपली नम्र,
तेल आणि टॉवेल तयार ठेवून बसलेली
अर्जदार (सही)
दि. ११ मार्च

सोबत : १. हमीपत्र. २. डॉक्टरांचा दाखला (न वाचल्यास चालेल).

कलावंताची निशाणी : डाव्या हाताचा अंगठा.
अंगठा कोणाचा, हे ओळखणारी : पत्नी.