बंधाऱ्यावरून लिहिलेला पंचनामा

आबा, तहसीलच्या आवारात वर्षभर उभा असलेला तो जेसीबी गेल्या महिन्यात सुटला. तुम्ही त्याला ओळखत नाही आणि त्याच्या मालकालाही नाही. पण तो तिथे अडकला होता तुमच्या लेकीच्या सहीमुळे, म्हणून तुम्हालाच सांगावंसं वाटलं.

तुम्ही फुलंब्रीकडे तलाठी होतात तेव्हाचं आपलं स्वयंपाकघर आठवतं. आई भाकरी थापतेय, तुम्ही उंबऱ्याबाहेर पाय सोडून बसलात आणि पोटऱ्यांपर्यंत चिखल. मी सातवीत असेन. "नदीकाठचा पंचनामा चावडीत बसून लिहिला असता तर काय बिघडलं असतं?" असं मी म्हणाले आणि तुम्ही असे भडकलात की आईची भाकरी तव्यावर वाकडी पडली. "आपल्या एका वळीनं माणसाचं वरीस जातं, पोरी. पाय भरल्याबिगर सही करायची नाय." मी दोन दिवस फुगून होते. पुढे मलाही तलाठ्याची नोकरी लागली, तेव्हा तुम्ही गुलमंडीत नेऊन मला काय घेऊन दिलंत, तर गुडघ्यापर्यंतचे काळे गमबूट! साडी नाही, घड्याळ नाही. दुकानातून लवकर बाहेर पडावं एवढंच मला वाटत होतं. ते बूट खोक्यातच राहिले.

गेल्या वर्षी पाचोडच्या अलीकडच्या एका तळ्यात भराव टाकताहेत अशी तक्रार आली. पाणथळ जागा, म्हणजे कायदा कडक. मी स्कूटीवरून गेले. खाली चिखल होता, अंगावर नवी साडी होती. मी बंधाऱ्यावरच थांबले. तळ्यात मुरमाचा ढीग दिसत होता, पलीकडे एक जेसीबी चालू होता. "यंत्र तळ्याच्या हद्दीत भराव टाकताना आढळले," असं लिहून टाकलं आणि पंचांच्या सह्या चहाच्या हॉटेलात घेतल्या. मालक स्वतःच यंत्र चालवत होता. मी लिहीत होते तेव्हाच तो धावत वर आला होता. "म्याडम, मी ह्या शेतकऱ्याचा बांध नीट करायलो. खाली उतरून बघा तरी!" मी म्हणाले, ते सुनावणीत सांगा. यंत्र जप्त झालं.

मग रोज कार्यालयात शिरताना ते समोर. बकेटमध्ये पावसाचं पाणी साचलं, चाकांत गवत वाढलं. मालक तारखेला यायचा, यंत्राच्या पायरीवर बसून डबा खायचा आणि जाताना काच पुसून जायचा. मला कधी वाईट बोलला नाही. बोलला असता तर मला सोपं गेलं असतं.

प्रांतसाहेबांपुढे सुनावणी लागली. आदल्या दिवशी आमचे वरिष्ठ म्हणाले, "कागद पक्काय. तुम्ही व्हय म्हणून मोकळ्या व्हा." सुनावणीत जेसीबीमालकाच्या वकिलांनी एकच विचारलं, तुम्ही यंत्रापासून किती अंतरावर होता? "जवळच" हा शब्द तोंडात आला होता, पण मला तुमच्या त्या भरलेल्या पोटऱ्या दिसल्या. "बंधाऱ्यावर होते. खाली उतरले नाही." भीती वाटली आबा, खूप वाटली. मला नोटीस आली आहे, चौकशी चालू आहे. जे होईल ते होईल, झोप मात्र लागते आता.

साहेबांनी फेरमोजणी लावली. मी खोक्यातून ते गमबूट काढले, दोन-दोन मोज्यांवर चढवले आणि मोजणीवाल्यामागून सबंध तळ्याला फिरले. यंत्र उभं होतं ती जागा तळ्याबाहेर, शेतकऱ्याच्या जमिनीच्या गटातच निघाली. भराव आला होता पूर्वेकडच्या प्लॉटिंगवाल्याकडून. मुरमाची पट्टी थेट त्याच्या कुंपणापर्यंत जाते. बंधाऱ्यावरून ती दिसत नाही. आता हद्दीचे दगड बसलेत, भराव काढायचा आदेश झालाय, आणि तो काढायला कोण आलं? तोच जेसीबी! काल बघायला गेले होते. मालकाने यंत्र थांबवलं आणि माझ्या पायांकडे बघून हसला. "लई येळ केला म्याडम. पर उतरल्या, ह्ये बरं झालं." मोकळ्या झालेल्या जागी पाणी परत शिरतंय, आबा. जवळ जाऊन बघितलंय, म्हणून लिहिते.

हे पत्र कुठे टाकणार? बुटांच्या खोक्यात ठेवते. दोन मोजे घालूनही टाच निसटते, चालताना फटफट आवाज येतो. त्या दिवशी दुकानात तुम्ही वाकून विचारलं होतंत, "नीट बसत्यात ना?" मी पाय न घालताच व्हय म्हणाले होते.