सुंद्राक्काचा दाखला

१२ फेब्रुवारी १९९२

सुंद्राक्काला किसनचा पायावर डोकं ठेवून नमस्कार.

तुझ्या गुडघेदुखीला आता उतार पडला असेल. इकडे तुरी काढून झाल्या. धाकटीचं बाळंतपण सुखरूप झालं, मुलगी आहे. मला मात्र रात्रंदिवस खोकला.

कावेरी, तूच वाचून दाखवत असशील. आत्याला शेजारी बसव आणि मधलं काही गाळू नकोस.

अक्का, दिवाळीत तू स्वातंत्र्यसैनिकाच्या दाखल्यासाठी दुसऱ्यांदा आलीस. मी सही केली, तेव्हा तू म्हणालीस, "किसन्या, पेन्शन मिळो न मिळो, कागदावर नाव तर आलं!" तो अर्ज नामंजूर झालाय. आठ दिवसांत टपाल येईल. त्याच्या आधी हे पत्र पोचावं म्हणून घाई केली.

चूक तुझी नाही. माझ्या सहीची आहे.

निजामाच्या तुरुंगात राहिलेला माणूस म्हणून माझा दाखला चालायचा. लोक यायचे, हात जोडायचे, 'साहेब' म्हणायचे. मला ते आवडायला लागलं. एकतीस खोटे दाखले दिले मी. सरपंचाचा सासरा रझाकारांच्या वेळी सात वर्षांचा होता. त्याला मी बंदूक घेऊन सरहद्दीवर उभा केला. कुणीतरी तक्रार केली आणि चौकशी समिती बसली. माझ्या सहीचे सगळे अर्ज त्यांनी एकदम फेटाळले. त्यात खरा एकच होता.

पण तू सात वर्षांपूर्वी पहिल्यांदा आलीस, तेव्हा माझी सही चालत होती. तरी मी म्हणालो, "अक्का, बायकांनी भाकरी पोचवल्या, त्याचा दाखला होत नाही." तू चपला घातल्यास.

तू काय पोचवलंस ते मला ठाऊक होतं. बाजारच्या दिवशी भर दुपारी ताकाच्या मडक्यात रॉकेल घेऊन निजामाची जकात घेणाऱ्या करोडगिरीच्या नाक्यावर तू गेलीस. जायचं मला होतं. मी ज्वारीत पडून होतो. ताप आलाय असं तुला सांगितलं होतं.

अक्का, ताप नव्हता.

धूर दिसला तसा मी पळालो. तुला चौकीत तीन दिवस ठेवलं, उजव्या हाताची बोटं मोडली, तरी तू माझं नाव घेतलं नाहीस. नाका एका बाईनं जाळला म्हणायची त्यांना लाज वाटली असेल. त्यांनी कागदावर काही न घेता तुझ्यावर चोरीचा आळ घालून तुला सोडलं. पंधरा दिवसांनी मी सापडलो. नाका जाळल्याचा गुन्हा माझ्या नावावर लिहिला गेला आणि मी तो लिहू दिला. सुटून आलो तर गावानं हार घातले. तू पाणवठ्यावर आलीस की बायका घागरी सावरत होत्या. ते मी पाहत होतो.

तुला दाखला द्यायचा म्हणजे माझा हार उतरवायचा. म्हणून नाही दिला. दिवाळीत दिला, त्यातही 'मदत केली' एवढंच लिहिलं.

परवा समितीपुढे सगळं सांगितलं. साहेब म्हणाले, "इतकी वर्षं का बोलला नाहीत?"

म्हटलं, "लाज वाटत होती."

"आणि आता हे खरं कशावरून? एकतीस वेळा खोटं लिहिलंत. हे बत्तिसावं."

चौकीत तुझी नोंद नाही, डॉक्टरचा कागद नाही. त्या दिवशीची जिवंत माणसं आपण दोघंच, आणि त्यातल्या एकाचा शब्द आता कुठेच चालत नाही. माझं पेन्शन बंद झालं, ते बरंच झालं.

सोमवारी आपल्या गावी येतोय. चावडीपुढे उभा राहून नाका कुणी जाळला आणि ज्वारीत कोण लपलं होतं ते सांगणार आहे. पारावरच्या म्हाताऱ्यांनी थुंकलं तरी पुरतं सांगूनच हलेन. तू यावंस असं म्हणायची माझी छाती नाही. माफी मागायला तुझ्या दारातही येणार नाही. तू देऊन टाकशील, अक्का, आणि मला ती घेववणार नाही.

तू ज्याचं नाव घेतलं नाहीस, तो
किसन