अकॅडमीचा पत्ता बदलला आहे

११ जानेवारी
ठरलं! मंतरलेल्या समुद्राच्या अभ्यासाची अकॅडमी आजपासून सुरू. डायरेक्टर : मी. सेक्रेटरी : एदेल्मिरा (बायको. अजून तिला सांगितलेलं नाही). जागा : आमच्या घरातली समुद्राकडची खोली. बत्तीस वर्षं या चिलोए बेटावर मास्तरकी केली, पण समुद्र काही शास्त्रशुद्ध शिकवला गेला नाही. आता भरपाई. उद्यापासून सकाळी सहाला निरीक्षण.

१२ जानेवारी
सहाला जाग आली नाही. एदेल्मिरा म्हणाली, दाट धुकं होतं, उठून काय दिवे लावणार होतास? पण ‘कालेउचे’ हे भुताळी जहाज धुक्यातच निघतं! म्हणजे नेमकं आजच उठायला हवं होतं. असो. उद्यापासून नक्की.

१५ जानेवारी, दुपार
पहिला विषय : कालेउचे जहाज. आपोआप चालतं, आत दिवे, गाणीबजावणी. बुडालेल्यांना वर घेतं, कोरडं करतं, कामाला लावतं आणि वर्षातून एकदा घरी भेटायला सोडतं. हे बेटावर जो तो सांगतो, लिहून मात्र कुणी ठेवत नाही. नोंदी हव्यात. कोण आलं, किती वाजता, काय जेवलं.
विषय निवडण्यामागे वैयक्तिक कारण काहीही नाही.

१९ जानेवारी
सेक्रेटरीला सांगितलं. ती बटाटे सोलत होती. म्हणाली, अकॅडमी गेली खड्ड्यात, घराचे खांब कुजलेत ते बघ आधी. मागच्या हिवाळ्यात भरतीचं पाणी चुलीपर्यंत आलं, विसरलास का म्हाताऱ्या? मग नेहमीचंच. घर टेकडीवर न्यायचं, तिच्या भावाच्या शेतात.
मी शांतपणे समजावलं, की निरीक्षणाची जागा हलवली तर तीन वर्षांचं काम वाया जाईल. ती म्हणाली, कसली तीन वर्षं? अकॅडमी तर आठ दिवसांची आहे. मी बटाट्यांची चौकशी केली.

२४ जानेवारी
उद्घाटन शनिवारी, सात फेब्रुवारीला. सव्वीस निमंत्रणं स्वहस्ते लिहून पाठवली. पाटीही रंगवली. अक्षर अजून तसंच आहे, हात कापत नाही.

२८ जानेवारी
एकही उत्तर नाही. बाल्दोमेरो चिगुआयने (बेटावरचे सगळ्यात तगडे बैल याचे) निमंत्रण खिडकीच्या फटीत कोंबलंय, वारा येऊ नये म्हणून. वर म्हणतो, मास्तर, अक्षर काय सुंदर हो तुमचं! गाढव. माझाच विद्यार्थी.

२९ जानेवारी
एदेल्मिरा अचानक गोड बोलायला लागली. म्हणाली, कागदाला इथे कोण उठून येतं? स्वतः दारोदार जा. टोपी काढून हातात धर. म्हण, शनिवारी सकाळी या, तुमची गरज आहे, जेवण आमच्याकडे. स्वयंपाकाचं मी बघते.
अखेर सेक्रेटरीला कामाचं महत्त्व पटलं. मला भरून आलं.

१ फेब्रुवारी
सव्वीस घरं. सव्वीस होकार! कार्यक्रम काय, हे कुणी विचारलंसुद्धा नाही. मीही भाषणासाठी राखून ठेवलं. बाल्दोमेरोने मिठीच मारली. म्हणाला, बरं केलंत मास्तर, आम्ही कधीपासून वाट बघतोय. लोकांची ज्ञानाची भूक मी कमी लेखली होती.

६ फेब्रुवारी
दोन डुकरं, शिंपल्यांची सहा पोती. मी म्हटलं, अभ्यासकांना एवढं कशाला? ती म्हणाली, भूक लागेल त्यांना. कपबशा तिने घोंगडीत गुंडाळून ठेवल्यात. पाहुण्यांसाठी असणार. भाषण : अकरा पानं.

७ फेब्रुवारी, सकाळी ८
आले. साठेक माणसं. बारा जोड्या बैल, दोरखंड, ओंडके.

७ फेब्रुवारी, संध्याकाळ
टोपी हातात धरून दारोदार जायचं ते इथे एकाच कामासाठी. मिंगा. सगळं गाव जमतं, घर ओंडक्यांवर चढवतं, बैल जुंपून ओढून नेतं. मजुरी नाही, पोटभर जेवायचं आणि घरी जायचं. मी स्वतः सतरा मिंगांना दोर धरलाय. तरी माझ्या डोक्यात आलं नाही! एदेल्मिराच्या आलं होतं.
आणि बैल घेऊन आलेल्यांना परत पाठवता येत नाही. मग गावात तोंड दाखवायची सोय नाही. मी पहिलं पान हातात घेऊन उभा. बाल्दोमेरो म्हणाला, मास्तर, भाषण वर पोचल्यावर. आता जरा बाजूला व्हा.
झालो नाही. आत जाऊन खिडकीशी बसलो. घर माझ्यासकट निघालं. खिडकीतला समुद्र आधी वीतभर राहिला, मग बोटभर, मग चर्चच्या भिंतीआड गेला. मी ओरडलो, थांबा रे, दोनच दिवस, नऊ तारखेपर्यंत तरी! त्या गलक्यात कुणाला ऐकू गेलं नाही. एदेल्मिरा खिडकीलगत चालत होती, तिला गेलं. तिचे डोळे भरले होते. तरी पुढे बघून म्हणाली, ओढा.

८ फेब्रुवारी
इथून बटाटे दिसतात. तिच्याशी बोललो नाही. संकल्प : नाही.

९ फेब्रुवारी
आमचा एलादियो होडी घेऊन गेला त्याला आज तीन वर्षं झाली. वैयक्तिक कारण नाही असं मी वर लिहिलंय. खोटं लिहिलंय.
वर्षातून एकदा सोडतात. पहिल्या वर्षी मला डुलकी लागली. दुसऱ्या वर्षीही. तो येऊन गेला असेल, मी झोपलेला बघून. म्हणून शिस्त हवी होती, म्हणून अकॅडमी. आणि यंदा तो येणार, तर चिखलात नुसते खांबांचे खुंट.
सकाळी पाटी घेऊन खाली गेलो. अकॅडमीच्या नावाखाली लिहिलं : एलादियो, घर टेकडीवर नेलंय. चर्चच्या मागे, मामाच्या शेतात. आई बरी आहे.
मागून एदेल्मिरा आली. वाटलं, आता बोलणी बसणार. तिच्या हातात हातोडा होता, मी विसरलेला. तिने पाटी दोनदा वाचली. म्हणाली, चष्मा घरीच राहिलाय त्याचा. मोठं लिही.
मोठं लिहिलं. जागा पुरेना, म्हणून वरचं अकॅडमीचं नाव खोडलं.