सासूची उत्तरं

७ एप्रिल, सोमवार
डोक्यावर मिठाची मूठ! माझ्या!

दिग्दर्शक ग्वाकसरांच्या नव्या मालिकेच्या शूटिंगसाठी नामहे बेटावर घर शोधतेय. आज सापडलं — सरांना हवं होतं अगदी तस्संच. निळं छप्पर, लसणाचा मळा, पलीकडे थेट समुद्र. दार वाजवलं. एक आजी बाहेर आल्या, मला निरखलं, आत गेल्या आणि मीठच घेऊन आल्या — अवदसा घालवायला!

"से-रान! सटवे! सासूला पावसात हाकललंस, आता माझ्या घरावर डोळा?"

से-रान! किती वर्षं रोज सकाळी टीव्हीवर ती दुष्ट सून केली. बाजारात बायका अंगावर धावून यायच्या. त्याला कंटाळूनच पडद्यामागे आले.

"आजी, ती भूमिका होती हो. मी यॉन-ओक. आता फक्त जागा शोधते."

"थोबाड तर तेच आहे की!" दार बंद.

८ एप्रिल
पुन्हा गेले. पुन्हा मीठ. शेजारीण म्हणाली, दोक-सिम आजी एकट्याच असतात. टीव्हीशीच भांडतात.

बंदरावर भाजलेला मासा आणि दोन वाट्या भात खाल्ला. दोन! कॅमेऱ्यासमोर होते तेव्हा उकडलेलं रताळं, बस्स. पोट सुटलं तर सुटू दे — कोण बघतंय!

मग सरांचा फोन. "शुक्रवारपर्यंत घर नाही मिळालं तर दुसऱ्याला पाठवतो. नट्यांना ही कामं जमत नाहीत, असं सगळे सांगतच होते मला." हे काम गेलं तर पुन्हा से-रानच? नको गं बाई!

१० एप्रिल
आज सरळ मळ्यात जाऊन आजींबरोबर लसूण निंदायला बसले. दोन वाफे झाल्यावर त्यांनीच विषय काढला.

"सासू नेभळट होती तुझी. एका शब्दानं उत्तर दिलं नाही तिनं. इथे टीव्हीसमोर ओरडून ओरडून माझा घसा बसला!"

मग खुरपं खाली ठेवलं. "हे बघ. तो हाकलायचा प्रवेश इथे अंगणात कर. तिच्या जागी मी. मग घर घे."

पुन्हा तोंडात ती वाक्यं घेणार नाही असं ठरवलं होतं. पण उभी राहिले.

"चालत्या व्हा, आई! या घरात तुमचं काही नाही."

आणि आजी —! "माझं नाही? या भिंतींची माती माझ्या पाठीवरून आलीय! कडाक्याच्या थंडीत शिंपले वेचून तुझा नवरा वाढवला मी! तू हो चालती! ऊठ, उचल तुझं बोचकं!"

ओरडत होत्या, रडत होत्या, मध्येच टोपली फेकून मारली. माझी वाक्यंच संपली. से-रान पहिल्यांदा हरली — आणि मला इतकं हलकं वाटलं की मी तिथेच मातीत बसले. हसू आणि रडू एकदमच.

"लागलं का गं?" आजींनी विचारलं. मग गरम बार्लीचा चहा दिला. घरही दिलं!

वळून बघते तर फाटकात ग्वाकसर. घर बघायला स्वतःच आले होते. कधीपासून उभे होते कोण जाणे.

११ एप्रिल
सरांनी बोलावलं. "नव्या मालिकेतली सून तूच कर, कालच्यासारखी. कॅमेऱ्यासमोर." मी 'नाही' म्हटलं. विचार करावा लागला नाही. झोप छान लागणार आज.

५ मे
शूटिंग सुरू. सून म्हणून सोलहून नवी मुलगी आलीय. सासू — दोक-सिम आजी! मी त्यांच्यावर छत्री धरून उभी.

"नीट धर की गं पोरी," म्हणाल्या. "आम्हा नटांना ऊन सोसत नाही."